गोगलगाईंसाठी औषध टाकू का? घरात कुत्रा आहे

प्रश्न : ताई, आम्ही सोलापुरात जुळे सोलापूरला राहतो, पाऊस सुरू झाला की कुंड्यांत गोगलगाई येतात, झेंडू आणि मिरचीची रोपं रातोरात खाऊन टाकतात. दुकानदार मेटाल्डिहाइडच्या गोळ्या घ्या म्हणतोय पण घरात कुत्रा आहे. काय करू?

उत्तर : कुत्रा आहे ना, मग मेटाल्डिहाइड नकोच, अगदी कळकळीनं सांगते. त्या गोळ्यांत कोंड्यासारखं आमिष असतं, कुत्र्यालाही ते खावंसं वाटतं, आणि पोटात गेलं की थरथर, झटके, जीवसुद्धा जाऊ शकतो. ब्रिटनमध्ये तर 2022 पासून बाहेर वापरायला बंदीच आहे. आपल्याकडे बार्शीकडच्या सोयाबीनवाल्यांना एकरी 2 किलो, अडीच टक्केवाल्या गोळ्या सांगतात, पण ते शेत आहे, तुमची गॅलरी नाही.

फेरिक फॉस्फेटच्या गोळ्या मिळाल्या तर त्या बघा, त्या खाल्ल्या की गोगलगाय खाणंच सोडते आणि काही दिवसांत मरते, कुत्र्याला धोकाही बराच कमी, तरी थोड्याच टाका आणि डबा उंचावर ठेवा.

त्याआधी संध्याकाळी ओलं गोणपाट कुंड्यांपाशी पसरा, सकाळी खाली जमलेल्या हातमोजे घालून गोळा करा आणि मिठाच्या पाण्याच्या बादलीत टाका. मीठ मातीत मात्र टाकू नका हं, झाडंच जळतील. आणि कुंड्यांखाली बघा, पांढरी साबुदाण्यासारखी अंडी असतात, तीही काढा नाहीतर परत तेच.