खानापुरात उद्याचा पाऊस सांगता येतो, मग महिन्याभरानंतरचा का नाही? केऑस सिद्धांत म्हणतात तो हाच का?

होय, हाच. हवा नियमानेच चालते, पण सुरुवातीची मोजणी कधीच पूर्ण अचूक नसते आणि ती बारीक चूक वाढत जाते. १९६१ मध्ये अमेरिकेत हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झ यांनी संगणकावर हवामानाचं गणित पुन्हा चालवताना ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ एवढंच घातलं. आधी दोन्ही उत्तरं जुळली, पुढे पार वेगळी झाली. समीकरणं तीच होती!

हे कॅल्क्युलेटरवर नक्की करून बघा. ०.३ घ्या, तो १ मधून वजा करा, मूळ आकडा आणि ही वजाबाकी यांचा गुणाकार करून ४ ने गुणा. आलेल्या उत्तरावर पुन्हा तेच. मग ०.३००१ पासून सुरू करा. फरक सरासरीने दर पायरीला दुप्पट होतो, पंधराएक पायऱ्यांत दोन्हींचा मेळच राहत नाही. शास्त्रज्ञ रॉबर्ट मे यांनी १९७६ मध्ये याच जातीच्या समीकरणातून दाखवलं की कीटकांची संख्याही अशीच बेभरवशाची वागू शकते.

म्हणून साधारण दोन आठवड्यांपुढचा रोजचा पाऊस सांगता येत नाही. पण बेळगाव जिल्ह्यात सह्याद्रीतल्या कणकुंबीला पूर्वेकडच्या अथणीपेक्षा कितीतरी जास्त पडणार, हे ठामपणे सांगता येतं, कारण सह्याद्री समुद्रावरची ओली हवा अडवतो आणि अथणी पर्जन्यछायेत येते. भाताच्या लावणीसाठी चार-पाच दिवसांचा अंदाज बघा. महिन्यापुढचा तारीखवार पाऊस कोणी फोनवर पाठवला, तर त्यावर मजूर ठरवू नका.