पुढचं पत्र मुलीचं हवं

प्रश्न : मुलगी बीएस्सी तिसऱ्या वर्षाला आहे, 68 टक्के आहेत. तिला कॅटॅलिसिस (अभिक्रियेचा वेग वाढवणाऱ्या उत्प्रेरकांचा अभ्यास) घेऊन एमएस्सी करायचंय. मी हायस्कूलला विज्ञान शिकवतो. उत्प्रेरक अभिक्रियेत भागच घेत नाही, त्याच्यामागे आयुष्य काय घालवायचं? तिनं बीएड करावं, असं आम्ही ठरवलंय. तिला समजवा.
— एक पालक, नागपूर

उत्तर : सर, मला 68 टक्क्यांची काळजी नाही, ‘आम्ही ठरवलंय’ची आहे. त्या ‘आम्ही’त मुलगी कुठंच दिसत नाही. तिनं प्रोजेक्ट कशावर केला, कुठं अडली, एक ओळ नाही. तेव्हा तिला समजवायचं काम मी घेत नाही.

आणि ‘भाग घेत नाही’ हे वर्गात सांगणंही थांबवा. उत्प्रेरक शेवटी शिल्लक राहतो, एवढंच खरं. मधल्या वेळात तो पुरता गुंतलेला असतो. आपल्या कापसाला पडणाऱ्या युरियासाठी अमोनिया लागतो, तो लोखंडाच्या उत्प्रेरकावर 400-500 अंशांना बनतो. नायट्रोजनचा रेणू लोखंडाला चिकटतो, तिथंच त्याचे दोन अणू सुटे होतात (सगळ्यात रेंगाळणारा टप्पा हाच), मग एकेक हायड्रोजन जोडला जातो. घन पृष्ठभागावरच्या अशा घडामोडी उलगडल्याबद्दल गेरहार्ड एर्टल यांना 2007 चं नोबेल मिळालं. शिवाय उत्प्रेरक मरतोही. वायूत गंधक शिरलं की लोखंडावरच्या जागा अडतात. उष्णता जास्त झाली की बारीक कण एकमेकांत मिळून मोठे होतात, पृष्ठभाग घटतो. खत कारखान्याला, रिफायनरीला या विषयाची माणसं लागतात ती यासाठी.

तिला हे मानवेल का, ते कॉलेजच्या प्रयोगशाळेत आठवड्यात कळेल. 3 टक्क्यांचं ताजं हायड्रोजन पेरॉक्साइड 10 मिली, उत्प्रेरक म्हणून मँगनीज डायऑक्साइडची भुकटी 0.1 ग्रॅम, निघणारा ऑक्सिजन वायू पाण्यावर, उपड्या मोजपात्रात गोळा करायचा. दर 15 सेकंदांनी नोंद. मग 0.2 ग्रॅम घेऊन पुन्हा. वेग वाढेल, पण एकूण वायू दोन्ही वेळा 100 मिलीच्या आसपास. फारच कमी आला तर बूच गळतंय किंवा पेरॉक्साइड शिळं आहे. भुकटी गाळून, 110 अंशांवर वाळवून वजन करायचं. ओलसर राहिली तर उत्प्रेरक ‘वाढलेला’ दिसतो, गाळणकागदाला चिकटली तर ‘घटलेला’. तेच वाचन पाचव्यांदा घेताना ती वैतागली, तर बीएडचं जरूर बोलू.

एमएस्सीच्या प्रवेशाला जॅम, पुढं नेट किंवा गेट, या परीक्षा आहेत. नागपुरातच व्हीएनआयटी (अभियांत्रिकी संस्था) आणि नीरी (पर्यावरण संशोधन संस्था) आहेत, पुण्यात एनसीएल (राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा).

पुढचं पत्र तिच्या हातचं येऊ द्या. प्रोजेक्टमध्ये काय बिघडलं, तेवढंच तिनं लिहावं.