नाशिकमध्ये राहून ‘वस्तू कशा बनतात’ अशा माहितीपटांचा कॅमेरामन व्हायचंय, नेमकं काय शिकू?

आधी प्रक्रिया वाचायला शिका. कॅमेरा बाजूला ठेवून ऑपरेटरजवळ उभे राहा आणि पूर्ण सायकल बघा: जॉब (मशीनवर घडवला जाणारा भाग) कुठून येतो, कशात पकडला जातो, किती सेकंदांत सुटतो. सातपूर-अंबड या औद्योगिक वसाहतींतल्या, पत्रा दाबून आकार देणाऱ्या प्रेस शॉपमध्ये मशीनचा एक स्ट्रोक (दाब) पापणी लवायच्या आत संपतो, त्यात शॉट बसत नाही. पण मशीन दर वेळी तेच करतं. म्हणून तीच क्रिया तीनदा घ्या: पूर्ण मशीन, मग हात, मग डायजवळचा (साच्याजवळचा) मॅक्रो, म्हणजे अगदी जवळून घेतलेला शॉट. एडिटिंगमध्ये तिन्ही शॉट बेमालूम जुळतात. येवल्यात पैठणीच्या मागावर याच्या उलट. तिथे काम इतकं सावकाश पुढे सरकतं की ट्रायपॉडच्या पायांच्या खुणा जमिनीवर करून ठेवाव्या लागतात आणि पुढच्या खेपेला त्याच वेळी, त्याच उजेडात यावं लागतं.

नवशिक्यांचं सगळ्यात जास्त फुटेज लाइटमुळे वाया जातं. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे चोक असलेल्या ट्यूबलाइटचा उजेड सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतो. कॅमेरा सेकंदाला ३० फ्रेम आणि १/६० सेकंद शटरवर राहिला तर चित्रात पट्टे सरकतात. २५ फ्रेमला शटर १/५० ठेवा. स्लो मोशन १०० फ्रेमवर, शटर १/१०० ठेवून घ्या. १२० फ्रेमवर नेलंत की लुकलुक परत येते. एलईडीचं मात्र ठरलेलं गणित नाही, ते त्याच्या ड्रायव्हरवर (दिव्याला वीज पुरवणाऱ्या सर्किटवर) असतं. दहा सेकंदांचा नमुना घेऊन लॅपटॉपवर बघाच.

सीएनसीचं (संगणकाच्या आज्ञेवर धातू कापणाऱ्या मशीनचं) दार उघडं ठेवून मशीन चालवायचा हट्ट कधीच धरू नका. दाराच्या काचेतून शूट केलं तर कूलंटच्या (टूल थंड ठेवणाऱ्या द्रवाच्या) दुधाळ फवाऱ्यापलीकडे काही दिसत नाही. वॉटरप्रूफ केसमधला छोटा अ‍ॅक्शन कॅमेरा मॅग्नेटवर आत बसवता येतो, पण जागा सेटरनेच (मशीन लावून देणाऱ्या कारागिरानेच) ठरवायची आणि आधी जॉबशिवाय एक ड्राय रन घ्यायचा. टरेट (टूल बसवलेली फिरती चकती) फिरताना टूल कॅमेऱ्यावर आदळला तर कॅमेरा जातोच, टूलही जातं.

द्राक्षांच्या पॅकहाउसमध्ये अडचण धुक्याची. कोल्ड स्टोरेज शून्य अंशाच्या आसपास आणि बाहेर उन्हाळा, त्यामुळे बाहेर पाऊल टाकताच लेन्सवर पाणी धरतं. आत असतानाच कॅमेरा हवाबंद पिशवीत घाला आणि तो बाहेरच्या तापमानाला येईपर्यंत पिशवी उघडू नका. वायनरीत क्रश (द्राक्षं चिरडण्याचा हंगाम) साधारण जानेवारी ते मार्च. तो हुकला तर वर्ष गेलं. फर्मेंटेशन टाकीत वाकून शॉट घेऊ नका, तिथे कार्बन डायऑक्साइड साठतो आणि माणूस क्षणात बेशुद्ध पडतो.

परवानगी लेखी घ्या. व्हेंडरच्या (मोठ्या कंपनीला भाग पुरवणाऱ्या छोट्या कारखानदाराच्या) शेडमधला जॉब बहुतेक वेळा मोठ्या कंपनीचा असतो. मालक हो म्हणाला तरी त्या कंपनीचीही संमती लागते. भिंतीवरची ड्रॉइंग आणि जॉब कार्ड फ्रेममध्ये येत नाहीत ना, हे प्रत्येक शॉटआधी तपासा.