वाचकांचे प्रश्न : चिकन अदोबो घरी करताना

प्रश्न : माझा मुलगा मालवाहू जहाजावर नोकरीला आहे. जहाजावरचे फिलिपिनो सहकारी करतात तो 'चिकन अदोबो' त्याला फार आवडतो, म्हणून तो सुट्टीवर आला तेव्हा मी घरी करून पाहिला. व्हिनेगरचा उग्र वास शेवटपर्यंत गेला नाही, रस्सा काळा आणि खारट झाला. काय चुकले असावे? आले, कांदा, गरम मसाला घातला तर चव सुधारेल का? (एक वाचक, रत्नागिरी)

उत्तर : सप्रेम नमस्कार. शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण मोह तिथेच होतो. कृपया गरम मसाला घालू नये. स्पॅनिश लोकांनी 1565 मध्ये फिलिपिन्समध्ये वसाहत केली त्याआधीपासून त्या बेटांवर मांस व्हिनेगर आणि मीठ घालून शिजवले जात होते. उष्ण, दमट हवेत ते टिकावे हा त्यामागचा हेतू होता. सोया सॉस चिनी व्यापाऱ्यांमुळे आला आणि पुढे मिठाच्या जागी रुळला. लसूण, अख्खी काळी मिरी आणि तमालपत्र एवढाच या पदार्थाचा मसाला असून सारी चव आंबट, खारट आणि लसणीच्या तोलावर उभी असते. आपल्याकडच्या वाटणाने तो तोल झाकला जातो आणि तयार होते ते एक आंबट चिकन, जे चांगले लागेलही, पण आपल्या मुलाने जहाजावर खाल्लेला पदार्थ तो नव्हे.

आता उग्र वासाविषयी. पहिली शंका व्हिनेगरवरच घ्यावी. किराणा दुकानात मिळणारे स्वस्त पांढरे व्हिनेगर बहुधा ॲसिटिक ॲसिड पाण्यात मिसळून केलेले असते, आणि तसे बाटलीवर छापलेलेही असते. त्यात आंबटपणा आहे, पण आंबवण्याच्या क्रियेतून येणारी चव नाही. फिलिपिन्समध्ये नारळाच्या ताडीचे, उसाचे, तसेच खाजणात वाढणाऱ्या निपा पामच्या रसाचे व्हिनेगर वापरतात. बुलाकान प्रांतातील पाओम्बोंग हे गाव निपाच्या व्हिनेगरसाठी, तर उत्तरेकडचा इलोकोस प्रदेश उसाच्या व्हिनेगरसाठी प्रसिद्ध आहे. आपण रत्नागिरीत आहात हे या बाबतीत भाग्यच म्हणायचे, कारण गोव्यात माडाच्या ताडीचे जे व्हिनेगर विंदालूत घालतात, ते फिलिपिन्सच्या नारळी व्हिनेगरचे सख्खे भावंड आहे. गोव्याहून येणाऱ्या कोणाकडून तरी एक बाटली अवश्य मागवावी. त्याऐवजी कोकम किंवा चिंच मात्र वापरू नये. चिंचेचा आंबटपणा फिलिपिनो स्वयंपाकात सिनिगांग नावाच्या सारासाठी राखलेला असतो.

दुसरी शंका झाकणावर. व्हिनेगर घातल्यावर भांडे लगेच झाकले तर नाकात जाणारी वाफ आतच कोंडते. फिलिपिनो घरांत असा दंडक आहे की व्हिनेगर घातल्यानंतर उकळी फुटून ते थोडे शिजेपर्यंत पदार्थ ढवळायचा नाही. न ढवळण्यापेक्षा उघडे उकळू देणे अधिक महत्त्वाचे आहे असे माझे मत आहे, पण दोन्ही पाळल्याने काही बिघडत नाही.

खारटपणा आणि काळा रंग हे सोया सॉसचे काम. आपल्याकडे चिनी पदार्थांसाठी मिळतो तो बहुतेक वेळा दाट, गडद सॉस असतो. तोच वापरायचा असेल तर खाली दिलेल्या प्रमाणाच्या निम्मा घेऊन तेवढेच पाणी वाढवावे. शक्यतो 'लाइट' असे लिहिलेला पातळ सॉस घ्यावा. रस्सा आटत जातो तसा खारटपणाही वाढत असल्याने वरून मीठ घालायचे ते अगदी शेवटी, चव पाहूनच.

एक किलो चिकनसाठी अर्धा कप व्हिनेगर, पाव कपाहून थोडा अधिक पातळ सोया सॉस, एक कप पाणी, लसणीचा एक मोठा गड्डा, दोन-तीन तमालपत्रे आणि एक चमचा अख्खी मिरी असे प्रमाण ठेवावे. दुकानदाराकडून तंगडी आणि मांडीचे हाडासह मोठे तुकडे, शक्य असल्यास कातडीसकट, मागून घ्यावेत. रश्श्यासाठी करतात तसे बारीक तुकडे रस्सा आटेपर्यंत हाडापासून सुटून जातात. सोया सॉस, ठेचलेली लसूण आणि मिरी लावून चिकन अर्धा तास मुरवावे. मग तुकडे निथळून थोड्या तेलात दोन्ही बाजूंनी तांबूस परतावेत, उरलेले मुरवण आणि पाणी ओतावे, तमालपत्र टाकावे, उकळी आल्यावर व्हिनेगर घालून पाचेक मिनिटे उघडेच उकळू द्यावे आणि त्यानंतर झाकण ठेवून मंद आचेवर अर्धा तास शिजवावे. गावठी कोंबडी असेल तर वेळ बराच जास्त लागेल. शेवटी झाकण काढून रस्सा तुकड्यांना चकचकीत माखेल इतका आटवावा. भांडे स्टीलचे किंवा मातीचे असावे. ॲल्युमिनियमचे किंवा कल्हई नसलेले पितळी भांडे आंबट पदार्थाला चालत नाही.

प्रश्न : घरात एकाला सोयाची ॲलर्जी आहे. सोया सॉसशिवाय अदोबो होतो का? (एक वाचक, सावंतवाडी)

उत्तर : नक्कीच होतो, आणि ती तडजोडही नाही. केवळ मीठ आणि व्हिनेगर वापरून केलेल्या पांढऱ्या अदोबोला तेथे 'अदोबोंग पुती' म्हणतात आणि तो जुन्या पद्धतीच्या अधिक जवळचा आहे. बातांगास प्रांतात त्यात हळद घालतात, तर बिकोल भागात नारळाचे दूध. कोकणातील घरासाठी मी नारळाच्या दुधाचा प्रकार सुचवेन. वरील कृतीत सोया सॉसऐवजी मीठ घ्यावे, आणि चिकन शिजत आल्यावर एक कप दाट दूध घालून अगदी मंद आचेवर ठेवावे, म्हणजे ते फुटणार नाही. 2021 मध्ये फिलिपिन्सच्या व्यापार खात्याने अदोबोची प्रमाणित कृती ठरवण्याचा विचार जाहीर केला, तेव्हा लोकांनी इतका विरोध केला की हे केवळ परदेशातील प्रसिद्धीपुरते आहे, असा खुलासा खात्याला करावा लागला. त्यामुळे आपल्या घरच्या अदोबोला कोणी नावे ठेवणार नाही.

प्रश्न : व्हिनेगर असल्यामुळे हा पदार्थ फ्रिजबाहेर टिकतो का? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : पूर्वी टिकवत असत, पण त्यात आंबट आणि मीठ दोन्ही भरपूर असे. आजच्या सौम्य प्रमाणावर भरवसा ठेवू नये. शिजल्यापासून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावा, तीन-चार दिवसांत संपवावा आणि खाताना पूर्ण उकळी आणून गरम करावा. दुसऱ्या दिवशी तो अधिक मुरलेला लागतो. उरलेले मांस हाडापासून सोडवून, तंतू मोकळे करून थोड्या तेलात कुरकुरीत परतावे आणि लसणीवर परतलेल्या शिळ्या भाताबरोबर सकाळी खावे; फिलिपिन्समध्ये अशी न्याहारी घरोघरी होते.