गरीब देशात पाणी, वीज स्वस्त आणि भरवशाची देता येते का?

येते. पाण्याच्या बाबतीत कंबोडियाच्या नॉम पेन्ह शहराने ते करून दाखवलंय. १९९३ साली तिथे दिवसाला जेमतेम दहा तास पाणी यायचं आणि सुमारे ७२ टक्के पाण्याचा एक पैसा वसूल होत नव्हता: काही गळती, काही चोरी. एक सोन चान (‘एक’ हे आडनाव) शहराच्या पाणीपुरवठा संस्थेचे प्रमुख झाल्यावर जुने पाइप बदलले, प्रत्येक नळाला मीटर लावला आणि सरकारी खाती, लष्करी अधिकारी यांचीही थकबाकी मागितली. वसुलीला गेल्यावर त्यांच्यावर बंदूक रोखली गेली, तरी ते हटले नाहीत. पुढे पाणी चोवीस तास आलं, पैसे वसूल न होणाऱ्या पाण्याचं प्रमाण ६ टक्क्यांच्या आसपास उतरलं.

दर मात्र वाढवले होते, हे आपल्याकडे कुणी सांगत नाही. तरी गरिबाला ते परवडलं, कारण आधी तो विक्रेत्याकडून कितीतरी महाग पाणी घेत होता. कमी वापराला कमी दर होता आणि नळजोडणीच्या शुल्कात गरीब घरांना ३० ते १०० टक्के सवलत दिली. माझ्या मते खरी अडचण तिथेच असते: महिन्याचं बिल माणूस भरतो, जोडणीची एकरकमी रक्कम कुठून आणणार?