वाचक विचारतात: किमोनो नेसून क्योटो फिरायचं तर

जपानच्या सहलीला निघालेल्या वाचकांची बरीच पत्रं एकाच विषयावर आली आहेत: भाड्याने किमोनो घ्यायचा आणि दिवसभर त्यात हिंडायचं, हे जमतं का? जमतं. मात्र किमोनोला बटण नाही, हुक नाही, चेन नाही. सगळा कारभार नाड्यांवर आणि घड्यांवर. म्हणून आम्ही तो ‘घालायचा’ न म्हणता ‘नेसायचा’ असंच म्हणतो. नेसलेलं वस्त्र सुटू कसं द्यायचं नाही आणि सुटलंच तर सावरायचं कसं, हे साडी नेसणाऱ्यांना निम्मं आधीच ठाऊक असतं.

प्रश्न: एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात आम्ही दोघं क्योटोला आहोत. आधी बुकिंग करावं का? किती वेळ हाताशी ठेवावा? आतून काय घालून जावं? — ठाणे

साकुराच्या, म्हणजे चेरी फुलण्याच्या दिवसांत आणि नोव्हेंबरच्या उत्तरार्धात, पानं लाल होतात तेव्हा, बुकिंग केल्याशिवाय जाऊ नका. सकाळची पहिली वेळ मागा. बाईला नेसवायला साधारण अर्धा तास लागतो, केस बांधून घ्यायचे तर आणखी वीस-तीस मिनिटं. पुरुषांचं पंधरा मिनिटांत आटोपतं. बहुतेक दुकानांत संध्याकाळी साडेपाच-सहाच्या आत किमोनो परत द्यावा लागतो. दुपारी एकला घेतलात तर हातात जेमतेम तीन-चार तास उरतात. भाडं माणशी साधारण 3 ते 6 हजार येन. त्यात केशरचना, मोजे आणि डाग पडल्यास भरपाईचा विमा धरला आहे का, हे आधी विचारून घ्या.

आतून गळा मोठा असलेला, बाह्या आखूड असलेला पातळ बनियन किंवा स्लिप घाला. किमोनोची कॉलर मागे मानेपासून मूठभर सुटलेली असते, त्यामुळे आतला बंद गळ्याचा टी-शर्ट बाहेरून दिसतो. ब्रा तारेची किंवा उभार देणारी नको, स्पोर्ट्स ब्रा उत्तम. थंडी असेल तर खाली लेगिंग्ज चालतात, घोट्याच्या वर दुमडलेल्या.

नेसवताना कमरेभोवती टॉवेल गुंडाळतात, त्याला नको म्हणू नका. साडीत कंबर दिसणं ही शोभा. किमोनोत शरीर खांबासारखं सरळ दिसावं लागतं. कमरेचा खळगा तसाच राहिला तर ओबी, म्हणजे तो रुंद पट्टा, तिथे चुरगळतो आणि नाड्या आत रुततात. आवळण्याचंही गणित आहे. कमरेची पहिली नाडी, कोशिहिमो, घट्टच हवी, सगळं वजन तिच्यावर असतं. छातीखालची नाडी मात्र सैल हवी. तिथे श्वास अडत असेल तर लगेच ‘कित्सुई देस’ म्हणा, म्हणजे ‘घट्ट होतंय’. ओबी बांधून झाल्यावर सांगितलंत तर सगळं सोडून पहिल्यापासून करावं लागतं.

प्रश्न: माझं अंग जरा भरलेलं आहे आणि यजमान सहा फूट उंच. आमच्या मापाचं मिळेल का? — पुणे

तुमच्यासाठी उंचीची काळजी नाही. बायकांच्या किमोनोची लांबी साधारण नेसणारीच्या उंचीइतकी असते आणि जास्तीचं कापड कमरेत दुमडून घेतात. ओबीच्या खाली चार बोटं दिसणारी ती घडी म्हणजे ओहाशोरी. पाहायचं असतं ते नितंबांचं माप. किमोनोचं कापड जेमतेम 36-38 सेंटिमीटर पन्ह्याचं, त्यामुळे समोरचे पदर एकमेकांवर किती चढतील हे कापडावरच ठरलेलं असतं. घेर 100 सेंटिमीटरच्या पुढे असेल तर बुकिंग करतानाच सेंटिमीटरमध्ये लिहा. लहान मापाचा किमोनो उभं असताना छान दिसतो, पण पहिल्याच पायरीला समोरून उघडतो.

यजमानांचं खरं अडेल ते उंचीवर. पुरुषांच्या किमोनोत ही घडी नसते, म्हणून लांबी नेमकी घोट्याच्या हाडापर्यंत यावी लागते. सहा फूट म्हणजे 183 सेंटिमीटर, आधी कळवा. पोट थोडं असेल तर उत्तमच, कारण पुरुषांची ओबी पोटाखाली, कुल्ह्यांवर तिरकी बसते आणि सडसडीत माणसाला त्यासाठी टॉवेल बांधावा लागतो.

प्रश्न: कोणती बाजू वर? फोटोत काहींची उलटी दिसते. — सातारा

तुमच्या डाव्या हाताची बाजू वर, बाई असो वा पुरुष. उजवी वर घेतात ती फक्त मृताला नेसवताना. उलट्या दिसणाऱ्या फोटोंपैकी पुष्कळ मोबाइलच्या समोरच्या कॅमेऱ्याने आरशासारखे घेतलेले असतात.

प्रश्न: आम्ही जुलैत जाणार. किमोनो सोसवेल का? युकाता म्हणजे हॉटेलात ठेवतात तोच ना? — नागपूर

जुलैत युकाताच घ्या. तो सुती, एकेरी, आत नागाजुबान हा अंतर्किमोनो नसतो, पायात मोजे नसतात, ओबीही निम्म्या रुंदीची. क्योटो तिन्ही बाजूंनी डोंगरांत बसलेलं शहर आहे. जुलै-ऑगस्टमध्ये पारा 35 च्या वर जातो आणि हवा दमट. नागपूरकरांना पारा नवा नाही, पण हा घाम वाळत नाही. 17 जुलैला गिओन उत्सवाची पहिली मिरवणूक असते. तिच्या आधीच्या तीन संध्याकाळी रस्ते माणसांनी फुललेले असतात आणि युकाता नेसलेली माणसं जागोजाग दिसतात. युकाता नेसायला याहून चांगला मुहूर्त नाही.

हॉटेलात ठेवतात तोही युकाताच, पण तो झोपायचा. शहरात तो नेसून बाहेर पडत नाहीत. किनोसाकीसारख्या गरम झऱ्यांच्या गावी मात्र रिवाज वेगळा: तिथे सात सार्वजनिक स्नानगृहं आहेत आणि पाहुणे मुक्कामाच्या सरायीतला युकाता नेसून, गेता या लाकडी चपला खटखटवत, एका स्नानगृहातून दुसऱ्यात जातात.

प्रश्न: बहिणीची बोटं दोन तासांत सोलली आणि तिने दुपारीच किमोनो परत केला. असं का होतं? कुठे फिरावं? — डोंबिवली

झोरीचा, म्हणजे किमोनोवर घालायच्या सपाट चपलेचा, पट्टा बोटांच्या बेचक्यात पार मुळापर्यंत खुपसून चाललं की असंच होतं. नवी कोल्हापुरी अंगठ्याला चावते, तोच प्रकार. झोरी पुढच्या बोटांच्या चिमटीत नुसती धरायची आणि टाच मागे सेंटिमीटरभर बाहेर राहू द्यायची. टाच आत बसावी म्हणून पाय पुढे रेटला की बेचका सोलणारच. दुकानातून निघण्याआधी दोन्ही पट्टे बोटांनी वर-बाहेर ताणून सैल करा आणि बेचक्यात आधीच बँडेजची पट्टी लावा. बहुतेक झोरींना डावा-उजवा पाय नसतो, अदलाबदल केली तरी चालते. पावलं छोटी, गुडघे जवळ, अंगठे किंचित आत.

पायऱ्या चढताना उजव्या हाताने वरच्या पदराची कड दोन बोटं उचला. उतरताना अंग जरा तिरकं करा. फिरत्या जिन्यावर मागची कड सांभाळा. गाडीत आधी बसायचं, मग दोन्ही पाय एकदम आत घ्यायचे. खुर्चीला टेकू नका, मागची गाठ चेपते.

जागेचं म्हणाल तर दिवसभरात एकच परिसर धरा. यासाका देवळाजवळ किमोनो घ्या, निनेनझाका आणि सान्नेनझाकाच्या दगडी पायऱ्यांवरून किओमिझु-देरा या देवळापर्यंत चढा आणि त्याच वाटेने परत या. किओमिझुची लाकडी सज्जा 13 मीटर उंच आहे आणि आजची मुख्य वास्तू 1633 सालची. सान्नेनझाकावर पडलं तर तीन वर्षांत मरण येतं अशी जुनी समजूत आहे. खरं कारण पायऱ्यांकडे पाहिलं की कळतं: दगड झिजून गुळगुळीत झालेत, पावसात तिथे कठड्याच्या बाजूनेच चाला. फुशिमी इनारी देवळाला जायचंच असेल तर तोरींच्या, म्हणजे लाल कमानींच्या, दाट रांगेतून ओकुशा या मागच्या देवळीपर्यंत जाऊन परत फिरा. पुढे 233 मीटरचा डोंगर आहे आणि पायऱ्या संपत नाहीत. एकाच दिवशी शहराच्या दुसऱ्या टोकाचं अराशियामाही उरकायचं म्हणून दोनदा गर्दीची बस पकडली की ओबीची रया जाते.

गिओन या गेइशांच्या जुन्या वस्तीतल्या खाजगी गल्ल्या 2024 पासून पर्यटकांना बंद आहेत, आत शिरल्यास 10,000 येन दंडाची पाटी लावलेली आहे. हानामिकोजी हा मोठा रस्ता खुला आहे. तिथे कामावर निघालेली माइको, म्हणजे शिकाऊ गेइशा, दिसली तर वाट अडवून फोटो मागू नका.

प्रश्न: विचारायला संकोच वाटतो, पण शौचालयात कसं जावं? — नाव न छापण्याची विनंती

संकोच कशाला, सगळ्यांना हीच धास्ती असते. कमोड असलेलंच शौचालय शोधा. आधी दोन्ही लांब बाह्या समोर घेऊन ओबीवरच्या दोरीत, ओबिजिमेत, खोवा. कपड्यांचा चिमटा जवळ असेल तर त्याने अडकवा. मग एकेक थर वेगळा उचला: किमोनोचा वरचा पदर, खालचा पदर, मग नागाजुबान, मग आतलं परकरवजा वस्त्र. प्रत्येक थर बाहेरच्या बाजूला उलटवून वर दोरीतच खोवा. सगळे थर एकत्र मुठीत धरून उचलले की ओहाशोरी ओबीखालून निसटते, बहुतेकींचं बिनसतं ते इथेच. खाली सोडताना क्रम उलटा, सर्वांत आतला थर आधी. शेवटी हात मागे नेऊन घडी गुंडाळली तर गेली नाही ना, हे चाचपा. निकर कमरेच्या नाडीखाली राहील अशी, खाली बसणारी घाला. वरपर्यंत येणारी नाडीत अडकते आणि काढता येत नाही.

प्रश्न: दुपारपर्यंत गळा उघडा पडतो, काठ लोंबतो. स्वतःच नीट करता येतं का? — कोल्हापूर

येतं, आणि नेसलेलं सोडावं लागत नाही.

बायकांच्या किमोनोत काखेखाली एक चीर असते. ती फाटलेली नाही, हात घालण्यासाठीच ठेवलेली आहे. आतली, म्हणजे उजव्या पदराची कॉलर सैल झाली असेल तर डाव्या काखेच्या चिरेतून हात घालून ती हलकेच डावीकडे ओढा. वरची कॉलर सैल झाली असेल तर ओबीच्या खाली उजव्या बाजूला ओहाशोरीचं कापड धरून खाली ओढा. कॉलर मागून मानेला चिकटली असेल तर किमोनोचा मागचा भाग उचला, आत नागाजुबानची पाठीची मधली शिवण सापडेल, ती सरळ खाली ओढा. समोरून कॉलर ढकलत बसलात तर ती पाच मिनिटांत परत येते.

काठ लोंबला तर ओहाशोरी समोरून वर उचला. खाली कमरेची नाडी हाताला लागेल. साडीच्या निऱ्या खोचतो तसं नाही: कापड नाडीच्या वर थोडंथोडं ओढून घ्यायचं आणि उरलेलं घडीत लपवायचं. नाडीच ढिली झाली असेल तर दुकान गाठा, तिथे दोन मिनिटांचं काम असतं.

प्रश्न: मंगळसूत्र, बांगड्या चालतील का? परक्यांनी किमोनो नेसलेला तिथल्या लोकांना आवडतो का? — नाशिक

किमोनोबरोबर गळ्यात-हातात दागिना घालायची तिथे रीत नाही. मंगळसूत्र कॉलरच्या आत राहतं, काढायची गरज नाही. बांगड्या मात्र काढाच, बाहीच्या अस्तरात अडकून धागे ओढले जातात. टिकली, चमकी खुशाल राहू द्या.

नीट नेसलेला किमोनो पाहून तिथल्या म्हाताऱ्या बायका कौतुकाने थांबतात, एखादी तर वाकडी कॉलरही सरळ करून देते. हात झटकू नका.

प्रश्न: मुलगी सात वर्षांची होतेय. इथे शाळेतल्या मैत्रिणी नोव्हेंबरात किमोनो घालून देवळात जाणार आहेत. आम्हीही करावं का? — निशी-कासाई, तोक्यो

जरूर करा. हा मुलांचा सण, शिचि-गो-सान, म्हणजे सात-पाच-तीन. मुली तिसऱ्या आणि सातव्या वर्षी, मुलगे पाचव्या आणि काही ठिकाणी तिसऱ्याही. सातव्या वर्षी मुलगी पहिल्यांदा मोठ्यांसारखी ओबी बांधते, म्हणून या वर्षाचं महत्त्व. दिवस 15 नोव्हेंबर, पण पुढचे-मागचे शनिवार-रविवारही चालतात. भाड्याचे किमोनो त्या आठवड्यांत लवकर संपतात, ऑक्टोबर उजाडायच्या आत ठरवा. खांद्यावर आणि कमरेत टीप घालून आखूड केलेला किमोनो मिळेल, टीप तिच्या मापाची आहे ना ते पाहा. पायातली झोरी आठवडाभर आधी मागवून घरात रोज दहा मिनिटं चालवून घ्या. देवळातून निघताना मुलांना लांब पिशवीत चितोसे-आमे ही लाल-पांढरी साखरकांडी मिळते. ती चिकट असते, किमोनो उतरवल्यावरच हातात द्या.