वाचक विचारतात : तेराव्या महिन्याचे पैसे कोण देणार?

प्रश्न : ताई नमस्कार, मी एका काल्पनिक जगाची कादंबरी लिहितोय. त्या जगाला दोन चंद्र आहेत, वर्ष 360 दिवसांचं, 12 महिने, प्रत्येकी 30 दिवस, महिन्यांची नावं पण भारी ठेवलीत. पण मित्र वाचून म्हणे कॅलेंडर खोटं वाटतं भो. काय चुकलं? (एक वाचक, पारोळा)

उत्तर : मित्र बरोबर बोलला. नावांत काही बिघडलं नाही रे, पण तुझ्या कॅलेंडरमुळे कुणाचं काही अडतच नाही, सगळं बरोब्बर बसतं, आणि आभाळाचा हिशोब असा बसत नसतो. आपलंच बघ ना, अमावस्या ते अमावस्या साडेएकोणतीस दिवस, असे 12 महिने म्हणजे 354, सूर्याचं वर्ष 365 च्या जरा वर, दरवर्षी 11 दिवस मागे पडतो आणि मग 32-33 महिन्यांनी धोंडा येऊन भरपाई करतो. हे तुला माहितीच असेल.

आता हेच सालदाराच्या, म्हणजे वर्षाच्या बोलीवर शेतात राबणाऱ्या गड्याच्या बाजूने बघ. आपल्याकडे सालदार अखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला ठरतो, अखाजी ते अखाजी त्याचं साल. 2022 ची अखाजी 3 मेला होती, 2023 ची 22 एप्रिलला, म्हणजे 354 दिवस. पुढची थेट 10 मे 2024 ला, कारण मध्ये अधिक श्रावण घुसला, मोजून बघ, 384 भरतात. म्हणायला दोन्ही एकेक सालच, पण दुसऱ्यात 30 दिवस जास्तीचं राबणं. मग त्या तेराव्या महिन्याचे पैसे मागायचे की मालक म्हणणार, ठरलं ते ठरलं? तुझ्या कादंबरीत बांधावर दोन माणसं यावरून भांडू देत, मित्र परत खोटं म्हणणार नाही. आणि त्याच 384 दिवसांत अखाजीला माहेरी यायची वाट बघणारी पोरगी पण आहे, निंबाला झोका बांधायचा तिचा महिनाभर लांबला, आणि जावयाला मात्र मधल्यामधे धोंड्याचं वाण, 33 अनारसे. (कुणाचा फायदा झाला ते मी बोलत नाही.)

तुझे दोन चंद्र मी वहीवर मांडून बघितले, रविवारची दुपार गेली पण मजा आली. मोठा 24 दिवसांचा धर, लहान 15 चा, वर्ष 370 चं. मोठ्या चंद्राचे 15 महिने म्हणजे 360, वर 10 दिवस उरतात. तिसऱ्या वर्षाअखेर 30 साठले की 24 चा धोंडा टाकायचा, 6 पुढे न्यायचे, असं करत 12 वर्षांत बरोबर 5 धोंडे. आणि दोन्ही चंद्रांची अमावस्या एकाच रात्री दर 120 दिवसांनी येते, शाळेतला लसावि एकदाचा कामाला आला बघ. 12 वर्षांत 37 वेळा. आपल्याकडे शेतातल्या पंपाला रात्रीची लाईट असली की बॅटरी घेऊन केळीला पाणी भरायला जावंच लागतं, तसं त्या जोडअमावस्येच्या रात्री तुझ्या गावात पाण्याची पाळी कुणाची आणि तो एकटा जातो का, हे लिही. बाकी हा माझा हिशोब पण जास्तच गुळगुळीत झालाय, त्यात थोडा घोळ घाल. आपल्याकडे 19 वर्षांत 235 चांद्रमहिने बसतात खरे, पण काही तासांचा फरक राहतोच.

अजून एक, एकाच आभाळाखाली दोन कॅलेंडरं ठेवता येतात. रावेरच्या माणसाला विचार, पलीकडे मध्य प्रदेशात, बऱ्हाणपुरात हिंदी पंचांगवाल्यांचा श्रावण गुरुपौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी चालू होतो आणि आपला आषाढ अजून पंधरा दिवस चालूच असतो. गोकुळाष्टमी दोघांची एकच, पण आपली श्रावणात, त्यांची भादोंत, म्हणजे भाद्रपदात. एका राज्याचा उपास आणि शेजारच्या राज्यात मटणाची पंगत, असं सहज दाखवता येईल.

आणि पंचांग ठरवतो कोण हेही दाखव. चाळीसगावजवळ पाटणला 1207 चा शिलालेख आहे, भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, यादव राजा सिंघणाच्या दरबारातला ज्योतिषी, त्याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला आणि त्या मठाला मिळालेल्या देणग्या तिथे कोरल्यात. तुझ्या जगात धोंडा कधी पडणार हे असला मठ ठरवत असेल आणि मठाला दान देणारा सालदारांचाच मालक असेल, तर?

प्रश्न : आठवडा 7 दिवसांचाच पाहिजे का? (एक वाचक, भुसावळ)

उत्तर : नाही, आठवड्याला महिन्या-वर्षासारखा आभाळाचा आधार नाही. फ्रान्सात 1793 मध्ये क्रांतिवाल्यांनी 10 दिवसांचा काढला होता, सुट्टी दहाव्या दिवशी, कामकऱ्याला ते काय आवडणार, आणि 1806 च्या 1 जानेवारीपासून नेपोलियनने ते कॅलेंडरच बंद केलं. गावात वार म्हणजे बाजाराचा वार. तू बाजार दहा दिवसांनी भरवणार असशील तर भरव, फक्त मेथी-पालकवाली तोवर तिच्या जुड्यांचं काय करते तेवढं लिहून पाठव.